डेलरनची कार्ली

कार्ली लॉइड आपल्या न्यू जर्सीची, डेलरनची. शनिवारी मैदानाकडेला घडीच्या खुर्च्या टाकून बसणाऱ्या आपल्या आईबाबांपैकी फार थोड्यांना हे माहीत असतं, याचं मला नवल वाटतं. रटगर्समध्ये शिकताना, २००३ साली, तिला २१ वर्षांखालील राष्ट्रीय संघातून वगळलं, तेव्हा ती खेळच सोडायला निघाली होती. कौशल्य होतं, दम कमी पडत होता. आणि मधल्या फळीत बचावालाही धावायचं, चढाईलाही. जेम्स गॅलानिस या प्रशिक्षकांनी तो दम घडवला.

२००८च्या ऑलिंपिक अंतिम सामन्यात विजयी गोल तिचा. तरी २०१२ला लंडनमध्ये ती सुरुवातीच्या अकरांत नव्हती! सहकारी जखमी झाली म्हणून उतरली आणि अंतिम सामन्यातले दोन्ही गोल तिनेच केले. २०१५च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात तर १६ मिनिटांत तीन. तिसरा थेट मध्यरेषेवरून. जपानची गोलरक्षक मागे धावते, हात लागतो, चेंडू खांबाला आपटून आत. २०२१मध्ये ती थांबली: ३१६ सामने, १३४ गोल.

या सप्टेंबरात माझ्या लेकीला संघातून वगळलं. सांगलीहून आजी फोनवर म्हणाली, "बरं झालं गं, आता अभ्यास होईल." लेक तेव्हा गराजच्या दारावर चेंडू मारत होती. आवाज आजीलाही ऐकू गेला असणार.