माणदेशची लेक आणि आमची अज्जी

आमच्या घरात दोन भाषा गुण्यागोविंदानं नांदतात. माझं माहेर मराठी, सासर कन्नड. लेकीला रागवायचं झालं की मी मराठीत रागावते, सासूबाई कन्नडमध्ये. ती ऐकत मात्र कुणाचंच नाही!

आठवीत गेल्यापासून तिनं पहाटे पळायला सुरुवात केली. आपल्या निपाणी-बेळगाव भागात पळणारी पोरं नवी नाहीत. बेळगावात मराठा लाइट इन्फंट्रीचं केंद्र आहे, त्यामुळे भरतीची स्वप्नं बघत गावोगावची मुलं धावतात. पण मुलगी? "साकव्वा," सासूबाई म्हणाल्या, "गुडघे गेले तर उद्या कोण बघणार?"

एका रात्री जेवताना मी दोघींना ललिता बाबरची गोष्ट सांगितली.

आपल्या महामार्गानं कोल्हापूर, कराड करत साताऱ्याला गेलं की पूर्वेला दुष्काळी माण तालुका लागतो. तिथलं मोही हे ललिताचं गाव. घर शेतकऱ्याचं. २०१२, २०१३ आणि २०१४ अशी सलग तीन वर्षं मुंबई मॅरेथॉनमध्ये भारतीय महिलांत ती पहिली आली. नाव झालं होतं, तरी २०१४ मध्ये ती स्टीपलचेसकडे वळली. ही शर्यत तीन हजार मीटरची. वाटेत २८ अडथळे, शिवाय सात वेळा पाण्याच्या खड्ड्यावरून उडी.

"दुष्काळी गावची पोर, आणि पाण्यावरून उड्या?" सासूबाईंना हसू आलं. पण ताट बाजूला सारून त्या ऐकू लागल्या.

त्याच वर्षी इंचेऑनच्या आशियाई खेळांत तिला कांस्यपदक मिळालं. २०१५ मध्ये वुहानच्या आशियाई स्पर्धेत सुवर्ण. मग आलं २०१६ चं रिओ ऑलिंपिक. प्राथमिक फेरीत ९ मिनिटं १९.७६ सेकंदांचा राष्ट्रीय विक्रम करून तिनं अंतिम फेरी गाठली. १९८४ मध्ये पी. टी. उषा अंतिम फेरीत धावली होती. त्यानंतर बत्तीस वर्षांनी एक भारतीय मुलगी ऑलिंपिकच्या ट्रॅकवर अंतिम शर्यतीला उभी राहिली. दिवस होता १५ ऑगस्ट! ती दहावी आली.

"दहावी? म्हणजे हरलीच की," लेक म्हणाली.

मी क्षणभर गप्प झाले. खरं सांगायचं तर आपणच मुलांना पहिल्या नंबराशिवाय काही मोजायला शिकवत नाही. उत्तर सासूबाईंनी दिलं. "जगातली दहावी ग! तुझ्या वर्गातली नव्हे."

ललिताचा विक्रम २०२३ मध्ये बुडापेस्टला पारुल चौधरीनं मोडला. ९ मिनिटं १५.३१ सेकंद. म्हणजे वाट एकीनं पाडली, दुसरी पुढे गेली. ललिता पुढे महाराष्ट्राच्या महसूल सेवेत अधिकारी झाली. पळण्यानं पोरीचं वाटोळं होतं असं म्हणणाऱ्यांना हे जरूर सांगावं.

आमची लेक ऑलिंपिकला जाईल की नाही, देव जाणे. तालुक्याच्या स्पर्धेतही ती पाचवी आली. पण गुडघ्यांची काळजी खोटी नाही, म्हणून आम्ही तिला चांगले बूट घेऊन दिले आणि आठवड्यातून एक दिवस विश्रांती ठरवली. रात्री शेंगदाणे भिजत घालायचं काम अज्जीनं स्वतःहून घेतलं आहे.

परवा पहाटे लेक दार उघडून बाहेर पडत होती. आतून सासूबाईंचा आवाज आला. मला वाटलं, झालं, आता पुन्हा "साकव्वा"!

पण त्या म्हणाल्या, "ओडव्वा, ओडु!"