भाषा कोणी कोणाची शिकायची?

वर्धा शहराला लागून असलेले सावंगी (मेघे) हे गाव आज विदर्भातील वैद्यकीय शिक्षणाचे एक मोठे केंद्र आहे. १९९० मध्ये येथे जवाहरलाल नेहरू वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले. त्याला जोडलेले रुग्णालय आचार्य विनोबा भावे यांच्या नावाने ओळखले जाते. अभिमत विद्यापीठाच्या जागा अखिल भारतीय प्रवेशप्रक्रियेतून भरल्या जात असल्यामुळे देशाच्या निरनिराळ्या प्रांतांतील मुले-मुली येथे शिकावयास येतात. त्यांचे अध्ययन इंग्रजीतून चालते आणि आपसांतील बोलणे बहुधा हिंदीतून. खाटेवरचा रुग्ण मात्र वऱ्हाडी वळणाची मराठी बोलणारा शेतकरी किंवा शेतमजूर असतो. एखाद्या आजीबाईंची बोली कोलामी किंवा गोंडीही असू शकते.

भाषाशास्त्राच्या दृष्टीने यांतील कोणतीच भाषा उच्च वा नीच नाही. तरीही या खाटेजवळ त्या समान उरत नाहीत. रोगाचे नाव, औषधाची चिठ्ठी, तपासणीचा अहवाल आणि देयक या सर्वांची भाषा एक, आणि वेदनेची भाषा दुसरी. भाषेतील विषमता म्हणजे काय, हे समजून घेण्यास इतके उदाहरण पुरेसे आहे.

वेदनेचे शब्द

आपल्या मराठीत दुखण्याला किती शब्द आहेत पाहा. पोटात मुरडा येतो, पाठीत चमक भरते, दाढ ठणकते, छातीत कळ येते, घशाशी जळजळते, अंगात कणकण असते, पायाला मुंग्या येतात. हे शब्द अलंकार म्हणून आलेले नाहीत. कळ आणि जळजळ यांतील फरक काही वेळा हृदयविकार आणि आम्लपित्त यांतील फरक असतो. हे सर्व ज्याला केवळ ‘दुखते’ एवढेच ऐकू येते, त्या हुशार विद्यार्थ्याच्या हातूनही निदानाचा एक धागा सुटू शकतो. २०१९ पासून लागू झालेल्या नव्या वैद्यकीय अभ्यासक्रमात सुरुवातीच्या पायाभूत वर्गात स्थानिक भाषेचा परिचय ठेवला आहे, तो याचसाठी. परंतु परीक्षेत ज्याला गुण नाहीत, त्याला विद्यार्थी किती वेळ देणार?

शस्त्रक्रियेपूर्वीच्या संमतीपत्राचेही तसेच आहे. सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये समीरा कोहली प्रकरणात स्पष्ट केले की, रुग्णाला पुरेशी माहिती मिळून त्याने दिलेली संमतीच खरी संमती होय. न समजलेल्या कागदावरील अंगठा ही संमती नव्हे.

बँकेच्या नोकरीत हा प्रश्न मी वर्षानुवर्षे पाहिला. कर्जाचे दस्तऐवज इंग्रजीत असत. कर्जदार मराठीत सही करणारा किंवा अंगठा लावणारा असला, तर ‘सर्व मजकूर मला माझ्या भाषेत समजावून सांगण्यात आला’ अशी वेगळी घोषणा घेतली जाई. नियम उत्तम होता; मात्र बाजाराच्या दिवशी गर्दीत ते समजावणे कित्येक शाखांत अर्ध्या मिनिटात उरके. व्याजाचा दर, जामीनदाराची जबाबदारी, हप्ता थकल्यास होणारी कारवाई या गोष्टी शेतकऱ्याला कळत त्या नोटीस आल्यावर, आणि ती नोटीसही तो दुसऱ्याकडून वाचून घेई.

वर्ध्याचा जुना ठराव

हा प्रश्न वर्ध्याला नवा नाही. २२ व २३ ऑक्टोबर १९३७ रोजी महात्मा गांधींच्या अध्यक्षतेखाली येथे राष्ट्रीय शिक्षण परिषद भरली. सात वर्षांचे मोफत व सक्तीचे शिक्षण, उत्पादक हस्तोद्योगाचा पाया आणि मातृभाषेचे माध्यम हे तेथील प्रमुख ठराव होते. पुढे डॉ. झाकिर हुसेन समितीने त्यांना योजनेचे रूप दिले. तीच ‘नई तालीम’. आपल्या वाचकांनी विशेष लक्षात ठेवावे असे की, ही परिषद मारवाडी शिक्षण मंडळाच्या रौप्यमहोत्सवाच्या निमित्ताने भरली होती. व्यापारी समाजाने उभारलेल्या शाळेच्या अंगणात मातृभाषेच्या शिक्षणाचा ठराव झाला. आज त्याच व्यापारी समाजातील बहुतेक मुले इंग्रजी माध्यमात आहेत. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने किमान पाचवीपर्यंत मातृभाषेचा आग्रह पुन्हा धरला, परंतु पालकांचे पाऊल दुसऱ्याच दिशेला पडते.

पालकांना दोष देऊन हा प्रश्न सुटत नाही. इंग्रजीमागे नोकरी आहे, न्यायालय आहे, परदेश आहे. सावित्रीबाई फुले यांनी आपल्या कवितेत इंग्रजीचे स्वागत केले ते याच जाणिवेने. ज्यांना पूर्वी ज्ञानाचे दारच बंद होते त्यांना ती किल्ली वाटली. स्वतःची मुले इंग्रजी शाळेत घालून गरिबाला मातृभाषेचे महत्त्व सांगणे हा दांभिकपणा आहे. मातृभाषेतून पाया आणि त्यावर इंग्रजीचे उत्तम अध्यापन हे दोन्ही गरिबाच्या मुलालाही मिळावे, हीच न्याय्य मागणी होय.

आपली भाषाही कोणावर तरी भारी

मराठी माणसाने आणखी एका बाजूने पाहिले पाहिजे. हैदराबादच्या उस्मानिया विद्यापीठात निजामाच्या काळात वैद्यकासह उच्च शिक्षण उर्दूतून दिले जाई. देशी भाषेतून विज्ञान शिकवता येते, हे त्यातून सिद्ध झाले. परंतु त्या राज्यातील मराठवाड्याच्या मराठी मुलाला उर्दूही परकीच होती. इंग्रजी हटली, तरी त्याच्या डोक्यावरचे ओझे हटले नाही.

आज कोलामी आणि गोंडी मुलांच्या संदर्भात तेच स्थान मराठीचे आहे. कोलाम समाज वर्धा, यवतमाळ, चंद्रपूर या जिल्ह्यांत आहे. त्यांची भाषा द्राविडी कुळातील असून मराठीपासून सर्वस्वी वेगळी आहे. २०११ च्या जनगणनेनुसार गोंडी बोलणारे सुमारे तीस लाख आहेत, तरीही ही भाषा राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत नाही. पहिलीत पाऊल ठेवणाऱ्या कोलाम मुलाला गुरुजींचा एकही शब्द कळत नसेल, तर ते मूल मंद ठरते आणि काही वर्षांत शाळा सोडते. आपण त्याला गळती म्हणतो. इंग्रजीपुढे मराठीला जे सोसावे लागते, ते मराठीपुढे कोलामीला सोसावे लागते.

व्यापाराची रीत

मग भाषा कोणी कोणाची शिकायची? याचे उत्तर आपल्या घरात आहे. राजस्थान-गुजरातेतून विदर्भात आलेल्या आपल्या पूर्वजांनी घरात मारवाडी किंवा गुजराती जपली, नामे आपल्या लिपीत लिहिले, पण गादीवर बसून बोलले ते गिऱ्हाइकाच्या भाषेत. कापूस घेऊन आलेल्या शेतकऱ्याने आधी मारवाडी शिकून यावे, असे कोणा आडत्याने म्हटले नाही. व्यापारात गिऱ्हाईक दुसऱ्या दुकानात जाऊ शकते, म्हणून दुकानदार त्याची भाषा शिकतो. रुग्ण, कर्जदार आणि पहिलीतले मूल यांना दुसरे दुकान नसते. म्हणून त्यांची भाषा शिकण्याची निकड कोणाला वाटत नाही. विषमतेचे मूळ येथे आहे.

भगवान महावीरांनी विद्वानांच्या संस्कृतऐवजी लोकांच्या अर्धमागधीत उपदेश केला. ३ ऑक्टोबर २०२४ रोजी मराठीबरोबर प्राकृतलाही अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, तेव्हा आपल्याला आनंद झाला. तो आनंद या आचरणाचाही असावा. विनोबांनी तुरुंगात दक्षिणेच्या चारही भाषा शिकून घेतल्या. १९५१ मध्ये तेलंगणातील पोचमपल्लीत भूदानाचा आरंभ झाला. त्यांच्याच प्रेरणेने भगवान महावीरांच्या २५०० व्या निर्वाण महोत्सवाच्या सुमारास सर्व जैन संप्रदायांना मान्य असा ‘समणसुत्तं’ हा प्राकृत ग्रंथ सिद्ध झाला. जो देण्या-घेण्यासाठी लोकांच्या दारी जातो, तो लोकांची भाषा शिकतो.

आपला समाज दवाखान्यांना, शाळांना उदार हस्ते दान देतो. यापुढे खोली किंवा यंत्र देताना विश्वस्तांना दोन प्रश्न जरूर विचारावेत. येथील संमतीपत्र व घरी जाताना दिले जाणारे कार्ड मराठीत आहे काय? गोंडी-कोलामी बोलणारा एखादा मदतनीस पगारावर नेमता येईल काय? एका पाटीच्या खर्चात वर्षभराचे मानधन निघू शकते. आपल्या ट्रस्टच्या इंग्रजी शाळांत मराठी हा विषय चांगल्या शिक्षकाकडे सोपवावा, आणि जवळच्या आश्रमशाळेतील मुलांसाठी इंग्रजीचा शिक्षक द्यावा. आपल्या घरातून डॉक्टर होण्यास निघालेल्या मुला-मुलींना, ती ज्या प्रांतात शिकावयास जातील, तेथील दुखण्याचे शब्द पहिल्याच वर्षी शिकून घेण्यास सांगावे. कळ आणि जळजळ यांतील फरक त्यांना रुग्णाच्या तोंडूनच कळायचा आहे.