ब्लित्वा : दाल्मात्सियांतील एक साधें तोंडीलावणें

क्रोएशिया देशाच्या दक्षिणेस आद्रियाटिक समुद्राच्या कडेनें जी डोंगराळ पट्टी पसरली आहे, तिला दाल्मात्सिया म्हणतात. या पट्टींत खाणावळ असो कीं घर असो, भाजलेला मासा पानांत आला म्हणजे त्याच्या शेजारीं बहुधा एक हिरवी-पांढरी भाजी येऊन बसते. तिचें नांव ब्लित्वा. ब्लित्वा हें खरें म्हणजे पालेभाजीचें नांव. बीटाच्याच जातीची, रुंद पानांची आणि जाड पांढऱ्या देठांची ही भाजी आहे. परंतु बटाट्याबरोबर ती शिजविली कीं, सबंध पदार्थालाहि तेंच नांव मिळतें. पाला, बटाटे, लसूण, जैतुनाचें म्हणजे ऑलिव्हचें तेल आणि मीठ, एवढीं पांच द्रव्यें त्यांत पडतात. अशा जोडीच्या पदार्थास तिकडे ‘प्रिलोग’ म्हणतात. ‘जवळ ठेवलेलें’ असा त्या शब्दाचा अर्थ निघतो. आपलें ‘तोंडीलावणें’ हें त्याचें उत्तम भाषांतर होय. आमच्या घरीं मात्र या तोंडीलावण्यास मुख्य अन्नाचा मान मिळाला आहे, व त्याचें कारण थोडें घरगुती आहे.

सन २०१९ च्या मे महिन्यांत आम्हीं उभयतां स्प्लिट या बंदरीं धाकट्या मुलाकडे गेलों होतों. तो जहाजबांधणीच्या कामानिमित्त तेथें राहत होता. स्प्लिटचा जुना भाग म्हणजे रोमन बादशहा डायोक्लेशियन यानें इसवी सन ३०० च्या सुमारास बांधलेला राजवाडाच आहे. त्याच्या भिंतींच्या आंत आजहि लोकांचे संसार चालू आहेत. तेथील फरशी चुनखडीच्या दगडाची, आणि शतकानुशतकें पावलांनीं घासून आरशासारखी गुळगुळीत झालेली. तिसऱ्याच दिवशीं एका पायरीवरून सौभाग्यवतीचा पाय घसरला आणि उजव्या हाताचें मनगट मोडलें. हात सहा आठवडे प्लॅस्टरमध्यें राहणार, असें ठरलें.

आतां खरी अडचण सांगतों. मुलगा सकाळीं सातला जाई तो संध्याकाळीं येई. मी सदतीस वर्षें मुलांना संस्कृत शिकविलें, परंतु चहापलीकडे कांहीं शिजविलें नव्हतें. पहिल्या आठवड्यांत पाव, दहीं आणि फळें यांवर निभावलें. दुसऱ्या आठवड्यांत सौभाग्यवतीनें पावाला हात लावणेंहि सोडलें. ‘भूक नाहीं’ एवढेंच ती म्हणे. भूक नसणें आणि दुसऱ्याला त्रास नको म्हणून भूक नाहीं म्हणणें, यांतील फरक चाळीस वर्षांच्या संसारानंतर कळत नाहीं असें नाहीं. पण कळून तरी मी काय करणार होतों?

शेजारीं ऐंशी वर्षांच्या एक आजीबाई राहत. किनाऱ्यावरच्या घरांतून आजीला ‘नोना’ म्हणतात, म्हणून आम्हीहि त्यांना नोनाच म्हणूं लागलों. आम्ही मांस खात नाहीं हें मुलाकडून त्यांना समजलें, तेव्हां त्या बोटांनीं क्रूस काढून ‘पोस्ट?’ असें म्हणाल्या. पोस्ट म्हणजे उपवास. दुसऱ्या दिवशीं शुक्रवार होता. दुपारीं दार वाजलें. नोना मोठ्या कौतुकानें झांकलेलें ताट घेऊन उभ्या होत्या, आणि ताटांत दोन भाजलेले मासे! त्यांच्या धर्मांत उपवासाच्या दिवशीं मांस वर्ज्य असतें, मासा नसतो. त्यांची कांहींच चूक नव्हती. सौभाग्यवतीनें डाव्या हातानें नमस्कार केला, आणि मी ताट तसेंच परत नेऊन पोंचविलें. तेवढें ओशाळवाणें काम मीं दुसरें केलें नसेल.

संध्याकाळीं मुलानें त्यांना सविस्तर समजावून सांगितलें. शनिवारीं सकाळीं नोनांनीं मला हातानें धरून आपल्या स्वयंपाकघरांत नेलें, एक पातेलें माझ्या देखत दोनदां घांसलें, त्याचें पोट उजेडाकडे करून मला दाखविलें, आणि माझ्या हातांत सुरी दिली. आम्हां दोघांना मिळून एकमेकांच्या भाषेंतले दहा शब्द येत होते. पण स्वयंपाक शिकण्यास त्याहून अधिक लागत नाहींत.

प्रथम बाजार. राजवाड्याच्या पूर्वेकडील भिंतीबाहेर स्प्लिटची भाजीमंडई भरते. तिचें नांव ‘पाझार’. हा आपला ‘बाजार’च, फारशींतून तुर्कांबरोबर तो पश्चिमेकडे गेला आणि आपल्याकडेहि आला. मे महिन्यांत तेथें नवे बटाटे येतात. त्यांना ‘म्लादि क्रुम्पिर’ म्हणतात. क्रुम्पिर हा जर्मन शब्दाचा अपभ्रंश असून ‘जमिनींतील नासपती’ असा त्याचा मूळ अर्थ आहे. ‘म्लादि’ म्हणजे तरुण, कोंवळा. या शब्दाचा आणि आपल्या ‘मृदु’ शब्दाचा मूळ धातु भाषाशास्त्रज्ञ एकच मानतात. परदेशांत बटाट्याच्या ढिगाशीं उभें असतां मृदु शब्दाचा भाऊबंद भेटावा, याचा मला जो आनंद झाला तो भाजीवालीस समजावून देणें शक्य नव्हतें.

नवा बटाटा ओळखण्याची खूण नोनांनीं दाखविली, ती अशी : आंगठ्यानें घांसल्याबरोबर साल कागदासारखी सुटली पाहिजे. पूर्ण वाढ होण्यापूर्वीं काढलेल्या कंदाची साल पक्की झालेली नसते. त्यांत पाणी अधिक आणि पिष्ट कमी असतें. त्यामुळें तो शिजला तरी आकार सोडीत नाहीं. जुना पिठूळ बटाटा या भाजींत लगेच विरघळून लगदा होतो. मात्र नवा बटाटा टिकत नाहीं. चार-सहा दिवसांपुरताच आणावा व अंधारांत ठेवावा. उजेडानें हिरवा झालेला बटाटा अपायकारक असतो, तो टाकून द्यावा.

आतां कृति. चार माणसांस अर्धा किलो पाला आणि अर्धा किलो नवे बटाटे पुरतात. बटाटे सोलूं नयेत. जाडसर फडक्यानें पाण्यांत घांसावेत. पहिल्या दिवशीं मीं सुरीनें जाड सालें काढलीं, तेव्हां नोनांनीं एक साल उचलून तिला चिकटलेला गर मला दाखविला आणि कांहीं न बोलतां ती पातेल्यांत टाकली. शाळेंत मीं मुलांना कधीं इतक्या थोडक्यांत शिकविलें नाहीं. लहान बटाटे अखंड ठेवावेत, मोठ्यांचे अक्रोडाएवढे तुकडे करावेत. मिठाच्या पाण्यांत ते बारा ते पंधरा मिनिटें शिजूं द्यावेत. पाल्याचे जाड देठ पानांपासून वेगळे करून बोटाच्या पेराएवढे चिरावेत. सुरी बटाट्यांत सहज शिरूं लागली म्हणजे आधीं देठ घालावेत, तीन मिनिटांनीं पानें घालावींत, आणि आणखी तीन-चार मिनिटांनीं सर्व उपसून निथळत ठेवावें. पळीभर पाणी मागें राखावें.

हा क्रम म्हणजेच सारी विद्या. दुसऱ्या दिवशीं मीं उतावीळपणें सर्व एकदम घातलें. बटाटे कच्चे असतांनाच पाला काळपट पडला. नोना हंसल्या नाहींत, पण तो पदार्थ त्यांनीं स्वतःच्या ताटांत वाढून घेतला आणि आम्हांस दुसरा करावयास लावला.

त्यानंतर त्याच पातेल्यांत चार मोठे चमचे तेल कोमट करून त्यांत बारीक चिरलेल्या चार पाकळ्या लसूण टाकावा. येथें आपल्या भगिनींचा हात चुकण्याचा संभव आहे, कारण आपल्याला लसूण लाल करण्याची संवय असते. तिकडे तो लाल होऊं देत नाहींत. सुगंध सुटला कीं पुरे. लगेच निथळलेली भाजी आणि राखलेलें पाणी घालून लांकडी चमच्यानें वरखालीं करावी. करतांना चार-दोन बटाटे मुद्दाम दाबून फोडावेत, म्हणजे त्यांचा गर, तेल व पाणी मिळून पाल्याला दाटपणा येतो. ताटांत वाढल्यावर वरून आणखी दोन चमचे कच्चें तेल सोडतात. तें चांगलें नसेल तर सर्व श्रम फुकट, कारण दोष झांकण्यास या भाजींत दुसरें कांहींच नाहीं.

हा साधेपणा हौसेचा नव्हे, दारिद्र्याचा आहे. दाल्मात्सियाची भूमि चुनखडीची; पावसाचें पाणी फटींतून नाहींसें होतें, आणि तांबडी माती खड्ड्याखड्ड्यांतून ओंजळभर सांपडते. शेतकऱ्यांनीं दगड वेंचून त्यांचे बांध रचले आणि त्यांमधील तुकड्यांत द्राक्षें, जैतून व भाजी लाविली. ब्लित्वाचीं बाहेरचीं पानें काढलीं तरी गाभा वाढत राहतो, त्यामुळें एकच रोप महिनोन् महिने घराला पुरतें. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस फायलोक्सेरा नांवाच्या किडीनें द्राक्षमळे खाल्ले, तेव्हां ब्राच बेटावरील कितीतरी कुटुंबें दक्षिण अमेरिकेंत, विशेषतः चिली देशांत निघून गेलीं. नोनांच्या आजोबांचे दोघे भाऊ असेच गेले. त्यांचें छायाचित्र चुलीवरच्या भिंतीस टांगलेलें होतें. बटाटा ज्या खंडांतून सोळाव्या शतकांत युरोपांत आला, त्याच खंडांत बटाट्यावर वाढलेलीं हीं माणसें पोटासाठीं गेलीं! भूमध्यसमुद्राच्या कांठच्या ज्या आहारपद्धतीचा युनेस्कोनें २०१३ मध्यें सात देशांच्या नांवें मानवी वारशांत समावेश केला, तींत क्रोएशियाच्या वतीनें ब्राच व ह्वार हीं बेटें आहेत. नोनांना मुलानें हें सांगितलें तेव्हां त्या म्हणाल्या कीं, आमच्या लहानपणीं याला वारसा म्हणत नसत, पुन्हां तेंच म्हणत असत.

चौथ्या दिवशीं मीं एकट्यानें आमच्या खोलींत ब्लित्वा केली. सौभाग्यवती डाव्या हातानें चमचा धरून जेवूं लागली. मी समोर उभाच. अर्धें ताट झाल्यावर ती म्हणाली, “मीठ कमी आहे,” आणि आणखी वाढून घेतलें. परीक्षेचा निकाल ऐकतांना विद्यार्थ्यांचें काय होत असेल, तें मला त्या दिवशीं प्रथम कळलें.

आपल्याकडे तो पाला क्वचितच मिळतो. परंतु बीटाचीं कोंवळीं पानें त्याच जातीचीं आहेत, आणि पालकहि चुलतघराण्यांतला. पालक घेतल्यास पानें दोन मिनिटांहून अधिक शिजवूं नयेत. ज्यांस मूतखड्याची व्यथा आहे त्यांनीं या दोन्ही भाज्या वैद्याच्या सल्ल्यानेंच खाव्यात. तेल ऑलिव्हचेंच हवें. शेंगदाण्याच्या तेलांत करून पाहिली, बरी लागली, पण ओळख बुजली. एकदां सूनबाईंनीं मोहरी आणि हिरवी मिरची घातली. मुलांनीं ती ताटें पुसून खाल्ली, हें मी प्रामाणिकपणें सांगतों; फक्त तिला ब्लित्वा म्हणूं नये एवढाच माझा आग्रह. चातुर्मासांत अर्थातच हा बेत आमच्याकडे होत नाहीं.

हिवाळ्यांत मंडईंत नवा बटाटा आणि बीटाचा ताजा पाला एका वेळीं दिसला कीं, त्या दिवशीं ओटा माझ्याकडे असतो. सौभाग्यवतीचा हात केव्हांच बरा झाला आहे. तरी ती उठत नाहीं. दाराशीं पाट घेऊन तांदूळ निवडीत बसते, आणि लसूण तेलांत पडला कीं तेवढी मान वर करून पाहते.