कुट्टक : हमालाच्या हिशेबापासून भास्कराचार्यांपर्यंत

वसंत व्याख्यानमालेत, दिवसभरच्या उन्हाने शिणलेल्या मंडळींपुढे बीजगणित मांडावयाचे हे जरा धाडसच आहे. म्हणून आम्ही ग्रंथापासून आरंभ न करता नंदुरबारच्या मिरचीच्या बाजारापासून करतो. तेथील मिरचीच्या पथारी ज्यांनी पाहिल्या आहेत, त्यांना पुढचे उदाहरण फारसे परके वाटणार नाही.

समजा, एका व्यापाऱ्याच्या गोदामात सुकी मिरची उतरली. गोण्या दोनच मापांच्या : मोठी ३५ किलोची आणि लहान २२ किलोची. काट्यावरच्या पावतीत एकूण वजन तेवढे लिहिले आहे : २००० किलो. गोण्या किती, हे कोणी टिपून ठेवले नाही. आता हमाली तर गोणीमागे द्यावयाची. व्यापारी एक आकडा सांगतो, हमाल दुसरा. पावती दोघांच्याही हातात आहे आणि दोघांच्याही उपयोगाची नाही. अशा वेळी गणिताने काही मदत करावी की नाही?

शाळेतला विद्यार्थी म्हणेल, अज्ञात राशी दोन आणि समीकरण एकच, तेव्हा उत्तर निश्चित होत नाही. हे खरे आहे. पण अर्धेच खरे आहे. अर्धी गोणी कोणी पाठीवर घेत नाही आणि उणे गोणी तर जगात नसतेच. उत्तर पूर्णांकच हवे ही एक अट घातली की, अनंत उत्तरांच्या गर्दीतून मोजकीच शिल्लक राहतात. ती शोधून काढण्याच्या रीतीला आपल्याकडे ‘कुट्टक’ म्हणतात. कुट्टक म्हणजे कुटणे, चूर्ण करणे. मोठ्या संख्या कुटून कुटून बारीक करावयाच्या, एवढेच या रीतीचे मर्म.

कुटावयास घेऊ. ३५ ला २२ ने भागले, बाकी १३. आता २२ ला या १३ ने भागा, बाकी ९. १३ ला ९ ने भागा, बाकी ४. ९ ला ४ ने भागा. भाग दोनदा जातो आणि बाकी १ उरते. येथे थांबावयाचे आणि आलो त्याच पायऱ्यांनी वर चढावयाचे. १ म्हणजे ९ मधून ४ ची दुप्पट वजा. पण ४ म्हणजे १३ उणे ९. म्हणून १ म्हणजे तीन वेळा ९, उणे दोन वेळा १३. त्यातला ९ म्हणजे २२ उणे १३. म्हणून तीन वेळा २२, उणे पाच वेळा १३. शेवटी १३ म्हणजे ३५ उणे २२; तेव्हा आठ वेळा २२, उणे पाच वेळा ३५. पडताळा पाहा : १७६ वजा १७५, बरोबर १.

एक किलोचा हिशेब जमला, की दोन हजारांचा जमलाच. सर्व २००० पट करा : लहान गोण्या १६,०००, मोठ्या उणे १०,०००! हे ऐकून हमाल हसेल. हसू द्यावे. कारण ३५ लहान गोण्यांचे वजन आणि २२ मोठ्या गोण्यांचे वजन सारखेच, ७७० किलो. म्हणजे ३५ लहान काढून त्यांच्या जागी २२ मोठ्या ठेवल्या तर काट्याला कळणारसुद्धा नाही. ही अदलाबदल ४५७ वेळा केली, की लहान ५ उरतात आणि मोठ्या ५४ होतात. वजन १८९० अधिक ११०, म्हणजे २००० किलो. आता एकेक अदलाबदल उलट करीत चला : मोठ्या ३२, लहान ४०, मग मोठ्या १०, लहान ७५. यापुढे मोठ्या गोण्या शून्याखाली जातात, म्हणजे वाट संपली.

तर उत्तरे तीनच. एकूण गोण्या ५९ तरी, ७२ तरी, नाही तर ८५. कमीत कमी आणि जास्तीत जास्त यांत २६ गोण्यांच्या हमालीचा फरक आहे, आणि रोजंदारीवरच्या माणसाला तो लहान नाही. पण आता भांडण तीन आकड्यांपुरते उरले. ‘आठआठ गोण्यांच्या थप्प्या लावल्या, एकही उरली नाही’ एवढे जरी कोणाला आठवले, तरी ७२ वर निकाल लागतो.

मात्र प्रत्येक प्रश्नाला उत्तर असतेच असे नाही. लहान गोणी २२ ऐवजी २१ किलोची असती, तर ३५ आणि २१ दोन्हींना ७ ने भाग जातो. मग कशाही रचल्या तरी वजन सातच्या पटीतच येणार, आणि २००० ही सातची पट नव्हे. अशा वेळी काटा तरी चुकला आहे, नाही तर पावती. अशा प्रश्नाला भास्कराचार्यांनी ‘दुष्ट’ असा चपखल शब्द वापरला आहे.

ही रीत भास्कराचार्यांच्याही फार पूर्वीची. इ.स. ४९९ च्या ‘आर्यभटीया’त ती अगदी आटोपशीर रूपात येते. ६२८ मध्ये ब्रह्मगुप्ताने तर आपल्या बीजगणिताच्या अध्यायालाच कुट्टकाचे नाव दिले. या मंडळींना गोण्या मोजावयाच्या नव्हत्या. युगातील दिवस पूर्णांक, ग्रहाच्या फेऱ्या पूर्णांक. तेव्हा ग्रहाच्या चालू फेरीचा उरलेला अंश कळला, तर आरंभापासून किती दिवस लोटले, हा त्यांचा प्रश्न होता. पाश्चात्य ग्रंथांत अशा समीकरणांना ग्रीक गणिती डायोफँटस याचे नाव आहे. पण त्याला अपूर्णांकातले उत्तरही चालत असे. पूर्णांकाचा हट्ट आमच्या ज्योतिष्यांचा, आणि खरी गंमत त्या हट्टातच आहे, असे आमचे मत आहे.

भास्कराचार्यांचा जन्म १११४ चा. ११५० मध्ये, छत्तिसाव्या वर्षी, त्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणि’ रचला. त्यातील लीलावती आणि बीजगणित या दोन्ही भागांत कुट्टक आहे. २२१ ला कशाने गुणून त्यात ६५ मिळवले असता १९५ ने निःशेष भाग जाईल, हे त्यांचे उदाहरण प्रसिद्ध आहे. तिन्ही संख्यांना १३ ने भागून घ्या, म्हणजे १७, ५ आणि १५ उरतात. गुणक ५ आणि भागाकार ६ हे मग तोंडीही निघते.

त्यांचे गाव विज्जलविड नेमके कोणते, याबद्दल विद्वानांत मतभेद आहेत. परंतु त्यांच्या घराण्याची एक निःसंशय खूण आपल्या खानदेशात आहे. नंदुरबार हा स्वतंत्र जिल्हा १९९८ मध्ये धुळ्यातून निघाला. पूर्वी हा सारा एकच मुलूख. त्याच्याच दुसऱ्या टोकाला, चाळीसगावजवळच्या पाटण येथे, १२०७ चा शिलालेख आहे. एकोणिसाव्या शतकात डॉ. भाऊ दाजी लाड यांनी तो उजेडात आणला. यादव राजा सिंघण याच्या पदरी ज्योतिषी असलेला, भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकविण्यासाठी तेथे मठ काढला, असे त्यात सांगितले आहे. लेखाचा शेवटचा भाग त्या काळच्या मराठीत आहे. पाटणच्या बाजारात माल विकला जाई, त्यावर ग्राहकाकडून राजाला मिळणारा कर या मठाला दिल्याचे तेथे नोंदलेले आहे. बाजाराच्या पैशावर कुट्टक शिकविला जात होता, तोही आमच्याच मुलखात!

याच भास्कराचार्यांनी एक अवघड प्रश्नही सोडविला : कोणत्या संख्येच्या वर्गाला ६१ ने गुणून १ मिळविला असता पुन्हा पूर्ण वर्गच येईल? हे समीकरण वर्गांचे; नुसत्या कुट्टकाने ते सुटत नाही. त्यासाठी त्यांनी ‘चक्रवाल’ रीत वापरली, आणि तिच्याही पोटात पायरीपायरीला कुट्टक आहे. १६५७ मध्ये फ्रान्सच्या फर्माने युरोपातील गणितज्ञांना अशाच समीकरणांचे आव्हान दिले, तेव्हा त्यानेही ६१ ही संख्या निवडली होती. सर्वांत लहान उत्तर २२,६१,५३,९८० असे आहे, आणि येणाऱ्या वर्गाचे मूळ १,७६,६३,१९,०४९.