दिसले काय आणि वाटले काय?

2021 साली यवतमाळ जिल्ह्यात शिबला-पार्डी येथे रस्त्याच्या कामात काळ्या दगडाचे षट्कोनी खांब उघडे पडले. समजा, एखाद्या विद्यार्थ्याने वहीत लिहिले : 'येथे प्राचीन माणसाने घडवलेले खांब सापडले.' यात चूक कोठे झाली?

'खांबांना सहा बाजू आहेत' हे निरीक्षण. 'माणसाने घडवले' हे अनुमान. दोन्ही एका वाक्यात मिसळली, की अनुमानही डोळ्यांनी पाहिल्यासारखे वाटू लागते. मग ते तपासावे असे कोणाला सुचत नाही.

आता दोन्ही अनुमाने वेगळी मांडू. खांब घडवलेले असतील, तर छिन्नीच्या खुणा दिसाव्यात, मापे सारखी असावीत. दुसरे अनुमान असे : सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा थंड होताना आकसला आणि त्याला तडे गेले. तीन तडे साधारण 120 अंशांत मिळाले, की ताण सर्वांत सहज मोकळा होतो; म्हणून षट्कोन बनतात. तसे असेल, तर खांब एकमेकांना खेटून असावेत आणि काहींना पाच किंवा सात बाजूही असाव्यात. भूशास्त्रज्ञांनी दुसरा निष्कर्ष काढला. मुंबईतील गिल्बर्ट टेकडीचे खांबही असेच बनले आहेत.

प्रयोगवहीत तीन रकाने आखून द्या : 'काय दिसले', 'काय वाटले', 'हे चूक असेल तर काय दिसेल'. तिसरा रकाना रिकामा राहिला, तर गुण कापू नका. पुढचा तास तेथूनच सुरू करा.