२८ वर्षांचे सिनेमे, १८ आठवड्यांची सिरीयल

१९८५ साली ‘धुमधडाका’ पडद्यावर आला आणि महेश कोठारे दिग्दर्शक झाले. २०१३ साली त्यांनी ‘झपाटलेला २’ आणला, मराठीतला पहिला थ्रीडी चित्रपट. मधल्या २८ वर्षांत ‘दे दणादण’, ‘थरथराट’, ‘धडाकेबाज’, ‘झपाटलेला’, ‘माझा छकुला’, ‘पछाडलेला’ असे सगळे धरून त्यांनी दिग्दर्शित केलेले चित्रपट दीड डझनाच्या आसपास भरतात. प्रत्येक चित्रपट सव्वादोन तासांचा मानला, तर बेरीज होते साधारण साडेचाळीस तास. एवढा मजकूर त्यांच्याच कोठारे व्हिजन या निर्मितीसंस्थेची एक दैनंदिन मालिका किती दिवसांत संपवते? साडेचार महिन्यांच्या आत. ज्याला अठ्ठावीस वर्षे लागली, ते अठरा-एकोणीस आठवड्यांत उरकते.

आकड्यावर विश्वास बसत नसेल तर हिशेब करून पाहा. केबल टेलिव्हिजनच्या नियमाप्रमाणे तासाला बारा मिनिटांपेक्षा जास्त जाहिराती दाखवता येत नाहीत. म्हणजे अर्ध्या तासात राहिली चोवीस मिनिटे. त्यातून शीर्षकगीत आणि ‘मागील भागात’ वजा केले की गोष्टीच्या वाट्याला येतात बावीस. आठवड्याला सहा भाग म्हणजे १३२ मिनिटे, दोन तास बारा मिनिटे. थोडक्यात, दर आठवड्याला एक अख्खा मराठी चित्रपट, आणि सोमवारी पुन्हा पाटी कोरी. वर्षाला ६,८६४ मिनिटे, म्हणजे ११४ तासांहून जास्त.

हा माणूस काही टीव्हीच्या जमान्यात जन्मलेला नाही. १९६३च्या ‘छोटा जवान’मध्ये तो बालकलाकार होता, १९६८च्या ‘राजा और रंक’मध्येही. मुंबईचे दूरदर्शन केंद्र सुरू झाले ते २ ऑक्टोबर १९७२ला, म्हणजे कोठारे पडद्यावर आले तेव्हा मुंबईत टीव्हीच नव्हता. पुढे वकिली शिकून, ती करून, ते चित्रपटाकडे परतले. ‘धडाकेबाज’ मराठीतला पहिला सिनेमास्कोप. नवे तंत्र दिसले की हात घालायचा, हा स्वभाव. तोच २०१४च्या मेमध्ये ‘जय मल्हार’मध्ये कामाला आला. देवदत्त नागे खंडोबा झाले, आणि दर संध्याकाळी सातला घराघरांत भंडारा उधळला जाऊ लागला. पौराणिक मालिका म्हणजे संगणकावर रचलेले चमत्कार, आणि तेही आठवड्याला सहा दिवस. चित्रपटात असे दृश्य जुळवायला महिने मिळतात. इथे उद्या टेलिकास्ट असते.

‘जय मल्हार’ २०१७च्या एप्रिलपर्यंत चालली. तिच्या जोडीला कलर्स मराठीवर ‘गणपती बाप्पा मोरया’ सुरू होती. म्हणजे काही काळ एकाच घरातून आठवड्याला एक सोडून दोन चित्रपटांचा मजकूर बाहेर पडत होता. त्यानंतर २०१७ साली स्टार प्रवाहवर ‘विठू माऊली’ आली. २०२०च्या ऑगस्टमध्ये ‘सुख म्हणजे नक्की काय असतं’ आली, गिरिजा प्रभू आणि मंदार जाधव यांची. तीच २०२४च्या अखेरीपर्यंत, चार वर्षांहून जास्त, चालली. त्या वर्षांत तिच्याच वाहिनीवर ‘दख्खनचा राजा जोतिबा’ ही कोठाऱ्यांचीच दुसरी मालिका काही काळ होती.

‘सुख म्हणजे...’ पुरतेच बोलू. हिशेबाने भाग तेराशेच्या पुढे जातात. तेराशेच धरू. बावीस मिनिटांनी गुणले तर २८,६०० मिनिटे, ४७६ तास. मध्य प्रदेशातल्या पांढुर्ण्यात एखाद्या घरात कोणी सोमवारी सकाळी पहिला भाग लावला आणि झोप, जेवण, पाहुणे काही न मानता सलग बघत बसले, तर शेवटचा भाग संपायला वीस दिवस लागतील.

आता ‘धुमधडाका’च्या काळातली पस्तीस मिलिमीटरची फिल्म डोळ्यापुढे आणा. मिनिटाला नव्वद फूट धावणारी. सव्वादोन तासांच्या चित्रपटाची लांबी होते साधारण पावणेचार किलोमीटर. या एका मालिकेची फिल्म असती तर ती ७८० किलोमीटर भरली असती. पांढुर्ण्याहून नागपूर शंभरेक किलोमीटरवर आहे. म्हणजे ती फिल्म नागपूरला तीनदा जाऊन परत आली असती, चौथ्यांदा पुन्हा नागपूर गाठले असते, आणि तरी वर शिल्लक राहिली असती.

लिहिणाऱ्यांचे काय? बावीस मिनिटांत संवाद असतो, पण त्यात डोळे वटारणे, पार्श्वसंगीत आणि तीन वेळा मागे वळून पाहणेही असते. म्हणून भागाला पंधराशे शब्दच धरू. तेराशे भागांचे झाले साडेएकोणीस लाख शब्द. महाभारत लाख श्लोकांचे म्हणतात, आणि त्यातले शब्द अठरा लाखांच्या आसपास मोजले जातात. व्यासांना लेखनिक म्हणून साक्षात गणपती मिळाला होता. मालिकेच्या लेखकाला रात्री अकराला चॅनेलचा फोन येतो की ट्रॅक बदला. दर्जाची तुलना करण्याचे कारण नाही, पण नुसत्या भाराने सासूसुनेचे घर कुरुक्षेत्राच्या पुढे गेले आहे.

माणसांचा हिशेब त्याहून मोठा. कलाकार, कॅमेरा, लाइट, साउंड, मेकअप, कपडेपट, कला विभाग, स्पॉटदादा, संकलन असे मिळून युनिटवर ऐंशी माणसे धरा. बारा तासांची शिफ्ट, आणि दिवसाला एक भाग निघतो असे माना. तेराशे दिवसांचे होतात साडेबारा लाख माणूस-तास. रोज आठ तास, वर्षाला तीनशे दिवस, पस्तीस वर्षे नोकरी करून निवृत्त होणारा माणूस आयुष्यात ८४ हजार तास काम करतो. म्हणजे एका मालिकेत पंधरा माणसांच्या अख्ख्या नोकऱ्या खर्ची पडल्या, रुजू झाल्यापासून सेवानिवृत्तीच्या समारंभापर्यंत.

हे सगळे ज्याच्या अंगावर असते तो निर्माता. दिग्दर्शक आजारी पडला तर बदलता येतो, नायिका मालिका सोडून गेली तर नवी आणता येते, मेलेले पात्र पुनर्जन्म घेऊन येऊ शकते. ‘सुख म्हणजे...’मध्ये तर अख्ख्या जोडीने पुनर्जन्म घेतला. निर्मात्याला ती सोय नाही. या धंद्यात मानधन तीन महिन्यांनी मिळण्याची पद्धत जुनी आहे. तीन महिने म्हणजे तेरा आठवडे, म्हणजे ७८ भाग. पहिल्या दिवशीच्या कामाचा पैसा हातात येईतो अठ्ठ्याहत्तर गोष्टी दाखवून झालेल्या असतात. आणि पुढच्या भागांची ‘बँक’ कधी आठ भागांची, कधी दोनच. बँक संपली की चॅनेलवर रिकामी जागा.

ती जागा खरोखर रिकामी पडली करोनाच्या साथीत, २०२०च्या मार्चमध्ये. देशभरची चित्रीकरणे थांबली आणि तीन महिने जुने भाग दाखवण्यावाचून इलाज राहिला नाही. २०२१च्या एप्रिलमध्ये महाराष्ट्रात पुन्हा बंदी आली, तेव्हा मात्र मराठी मालिकांनी बिऱ्हाडे उचलली. बरीच युनिटे गोव्याला गेली, आणि मेमध्ये गोव्यानेही दार लावल्यावर आणखी पुढे सरकली. दिवसाला एक भाग, हे गणित साथीलाही दुसऱ्यांदा थांबवता आले नाही.

जगाच्या पाठीवर हे वेड फक्त आपलेच नाही. फ्रान्समध्ये ‘प्लू बेल ला वी’ ही मार्सेय शहरातली मालिका ३० ऑगस्ट २००४ला सुरू झाली आणि १८ नोव्हेंबर २०२२ला संपली. एकूण ४,६६५ भाग. तिथे आठवड्याला पाचच दिवस. अठरा वर्षे आणि अकरा आठवड्यांत पाच दिवसांनी जास्तीत जास्त किती भाग बसतात? सुमारे ४,७५०. म्हणजे साथीचा काळ धरूनही शंभरेकच खाडे. आपल्याकडे रोहिणी हट्टंगडींची ‘चार दिवस सासूचे’ २००१च्या अखेरीपासून २०१३च्या सुरुवातीपर्यंत ईटीव्ही मराठीवर चालली आणि तीन हजारांच्या पुढे गेली. अकरा वर्षांना भागले तर वर्षाला पावणेतीनशेच्या वर. फ्रेंच मालिकेचा वेग अडीचशेच्या थोडा पुढे. एकूण आकड्यात फ्रान्स पुढे असेल, वेगात रोहिणी हट्टंगडींचे घर पुढे आहे.

आता या साऱ्या अवाढव्य यंत्राचा काटा कुठे फिरतो ते पाहा. दर गुरुवारी टीव्हीचे प्रेक्षक मोजणाऱ्या बार्कचे आकडे येतात. २०२०च्या अंदाजानुसार देशात टीव्ही असलेली घरे २१ कोटी होती, आणि मोजणीची यंत्रे त्यानंतर सुमारे ५५ हजार घरांत पोचली. एक यंत्र जवळपास ३,८०० घरांच्या वतीने बोलते. २०११च्या जनगणनेत पांढुर्णा शहराची लोकसंख्या पंचेचाळीस हजारांच्या आसपास होती. घरात पाच माणसे धरली तर नऊ हजार घरे. सरासरीने या अख्ख्या शहराच्या वाट्याला यंत्रे येतात दोन किंवा तीन.

आणि ती दोन-तीनही मराठीच्या खात्यात जमा होत नाहीत. मराठी वाहिन्यांची जी क्रमवारी दर आठवड्याला गाजते, तिचा बाजार ठरलेला आहे: महाराष्ट्र आणि गोवा. पांढुर्णा आणि सौंसर हे दोन तालुके मिळून ५ ऑक्टोबर २०२३ला मध्य प्रदेशाचा नवा जिल्हा झाला. इथे पाट्या हिंदी, कचेरी हिंदी, पण घरात मराठी. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीच्या दोन्ही काठांवर गोटमार होते, जामसावळीच्या मारुतीला नवस बोलले जातात, आणि संध्याकाळी स्वयंपाकघरातून हाक येते, सिरीयल लागली का? ती हाक कुठल्याच टीआरपीत नाही. २०११च्या जनगणनेत मध्य प्रदेशात मराठी मातृभाषा सांगणारे बारा लाखांहून अधिक होते. देशातल्या आठ कोटी तीस लाख मराठी भाषकांतले हे दीड टक्का. गुजरात, कर्नाटक, तेलंगणातले मराठी त्यात मिळवले तर आकडा आणखी वाढेल.

ज्या धंद्यात पाव टक्क्यावर मालिका जगतात आणि मरतात, तिथे एवढी माणसे हिशेबाबाहेर ठेवणे ही साधी गणिती चूक आहे. निर्माते आणि वाहिन्या मिळून बार्ककडे एक मागणी करू शकतात: मराठीचा बाजार राज्याच्या सीमेने मोजू नका, भाषेने मोजा. वर्षाला ११४ तास गोष्ट सांगणाऱ्याला ती ऐकणारे नेमके किती आहेत, हे तरी कळले पाहिजे.