मासा फिका पडला? आधी पाणी तपासा

विहारातल्या रविवारच्या धम्मवर्गात चौथीतल्या एका मुलीने हात वर केला. "आमचा गोल्डफिश पांढरा पडत चाललाय. शेजारच्या काकू म्हणतात, घरावरचं संकट त्याने स्वतःवर घेतलं. आता त्याला नाल्यात सोडून द्या म्हणतात. खरं का हे?"

प्रश्न माशाचा असला तरी आरोग्याच्या पानावर घेण्यासारखा आहे. आता वस्तीतल्या बऱ्याच घरांत टीव्हीशेजारी काचेची बरणी नाहीतर लहानसा फिश टँक असतो. मुलांनी हट्ट केला म्हणून आणलेला, किंवा कोणी तरी सांगितले म्हणून. आठ सोनेरी आणि एक काळा मासा ठेवला की घरात पैसा येतो, आणि मासा मेला की घरावरची पीडा टळली, अशी समजूत बाजारात माशांबरोबरच विकली जाते. गंमत अशी की काळे गोल्डफिश वयाने किंवा गरम पाण्यात आपोआप तांबूस-सोनेरी होऊ लागतात. ते पाहून घरचे घाबरतात. ऐकीव गोष्ट केवळ ऐकीव आहे म्हणून मानू नका, हे तथागतांनी कालामांना सांगितले. मग माशाचा रंग का जातो त्याचे कारणच शोधू या.

माशाचा रंग त्याच्या कातडीतल्या बारीक रंगपेशींमध्ये असतो. काही पेशींत काळा रंग, काहींत पिवळा किंवा लाल, आणि काहींत चमकणारे स्फटिक. पेशीतला रंग पसरला की मासा गडद दिसतो, मध्यभागी गोळा झाला की फिका. म्हणून रात्री दिवा लावल्यावर मासे फिके दिसतात आणि थोड्या वेळाने रंग परत येतो. हा आजार नव्हे. मासा घाबरला, त्रासला, आजारी पडला तरी रंग असाच आक्रसतो. तो त्रास दिवसेंदिवस चालू राहिला की फिकेपणाही टिकून राहतो.

आपल्याकडे सर्वांत मोठे कारण असते पाणी. मासा खातो, त्याच पाण्यात शौच करतो आणि कल्ल्यांतून अमोनिया बाहेर टाकतो. उरलेले अन्न कुजले की आणखी अमोनिया तयार होतो. पाणी काचेसारखे स्वच्छ दिसत असले तरी त्यात तो असू शकतो, आणि त्याने कल्ले भाजून निघतात. टँक जुना झाला की फिल्टरच्या स्पंजवर, तळाच्या खड्यांवर उपयोगी जिवाणू वाढतात. ते अमोनियाचे आधी नायट्राइट आणि मग बरेच कमी घातक नायट्रेट करतात. नव्या टँकमध्ये हे जिवाणू जम बसवायला चार ते सहा आठवडे घेतात. नवा टँक आणि भरपूर मासे आणले की पहिल्या महिन्यातच मासे फिके पडतात, मरतात, ते यामुळे. कोणाची नजर लागलेली नसते.

इथेच आपण एक चूक हौसेने करतो. दर रविवारी मासे मगात काढायचे, सगळे पाणी ओतून द्यायचे, स्पंज आणि खडे नळाखाली साबणाने घासायचे आणि ताजे पाणी भरायचे. दिसायला चकाचक, पण उपयोगी जिवाणू मेले, साबण आत राहिला, आणि नळाच्या पाण्यातल्या क्लोरीनने कल्ल्यांना इजा झाली. क्लोरीन आपल्याला जुलाब-काविळीपासून वाचवते, म्हणून पाण्यात ते हवेच. पण माशाला ते सोसत नाही.

मग करायचे काय? आठवड्यातून एकदा पाव भाग पाणीच बदलावे. पहाटे तासभर पाणी येते तेव्हा एक बादली माशांसाठी वेगळी भरून, वर पातळ कापड बांधून चोवीस तास उघड्यावर ठेवावी. क्लोरीन हवेत निघून जाते. घाई असेल तर माशांच्या दुकानात मिळणारे अँटिक्लोरीनचे थेंब बाटलीवर लिहिलेल्या प्रमाणात घालावेत. नवे पाणी टँकमधल्या पाण्याइतकेच कोमट किंवा थंड असावे. स्पंज नळाखाली धुवायचा नाही, टँकमधून काढलेल्या जुन्या पाण्यात पिळायचा. साबण, डेटॉल कशालाच लावायचे नाही. आणि ही बादली विसरून आठवडाभर तशीच राहू देऊ नका. डेंग्यूचा डास साठलेल्या स्वच्छ पाण्यातच अंडी घालतो आणि आठ-दहा दिवसांत अंड्यातून डास होतो. रिकाम्या पडलेल्या फिश टँकलाही हेच लागू आहे.

टँक कित्येक महिने साफच केला नसेल तर एकदम सगळे पाणी बदलणे आणखी वाईट. मासा त्या पाण्याला सरावलेला असतो, अचानक बदल त्याला झेपत नाही. एक दिवसाआड थोडे थोडे, दहा-पंधरा टक्के बदलत जावे. मात्र मासा फिका आहे आणि वर येऊन तोंड उघडून धापा टाकतो आहे, असे दिसले तर वाट पाहू नये. त्याच दिवशी मुरवलेले किंवा अँटिक्लोरीन घातलेले पाणी वापरून एक तृतीयांश पाणी बदलावे आणि एक दिवस खायला देऊ नये. तब्येतीचा मासा दोन-तीन दिवस उपाशी सहज राहतो.

पत्र्याच्या घरात उन्हाळ्याचा वेगळा प्रश्न आहे. गरम पाण्यात प्राणवायू कमी मावतो, आणि गोल्डफिश तर मुळात थंड पाण्याचा मासा. टँक खिडकीच्या उन्हात किंवा गॅसजवळ नको. घरातला सर्वांत गार कोपरा त्याला द्या. लाइट गेली, पंप बंद पडला, तर मगाने पाणी उचलून थोड्या उंचावरून परत सोडत राहावे. हवा मिसळते.

दुसरे मोठे कारण खाण्याचे. लाल, नारिंगी, पिवळा हे रंग ज्या कॅरोटीन गटातल्या द्रव्यांपासून येतात ती मासा स्वतःच्या शरीरात बनवू शकत नाही. ती अन्नातूनच मिळावी लागतात. पावाचा चुरा, पोळीचे तुकडे, भात यांत ती नसल्यातच जमा, आणि पाणीही लवकर नासते. बाजारातले दाणे चांगले, पण मोठे पाकीट स्वस्त पडते म्हणून घेऊ नका. उघडल्यावर काही महिन्यांत त्यातली जीवनसत्त्वे जातात, पावसाळ्यात बुरशी धरते. लहान पाकीट, घट्ट झाकणाच्या डबीत. स्पिरुलिना असलेले दाणे मिळाले तर उत्तम. घरचे द्यायचे तर उकडलेला, साल काढून कुस्करलेला मटाराचा दाणा किंवा उकडलेल्या पालकाचा इवलासा तुकडा आठवड्यातून एक-दोनदा. गप्पी, मॉली आणि फायटर डासांच्या अळ्या आवडीने खातात. गप्पी मासे तर डास रोखण्यासाठी महानगरपालिका विहिरी-टाक्यांत सोडतात. पिंपात अळ्या दिसल्या तर त्या गाळून माशांना द्या आणि पिंप रिकामे करून घासा. गटारातल्या अळ्या मात्र नकोत.

किती द्यायचे? दोन मिनिटांत संपेल एवढेच, दिवसातून एक-दोनदा. घरात पाच माणसे असली की पाचही जण माशाला चिमूटभर टाकतात. प्रेमाने टाकतात, पण त्यानेच पाणी बिघडते. ही जबाबदारी घरातल्या एकालाच द्यावी.

अंधाऱ्या कोपऱ्यात महिनोन्महिने राहिलेला गोल्डफिशही फिका होतो. दिवसाचे आठ-दहा तास उजेड हवा, ट्यूबलाइटचा चालेल. तळाला पांढरे खडे असतील तर मासा त्यांच्यासारखा उजळ होऊ पाहतो. गडद खडे घाला, टँकच्या मागे काळा कागद लावा, रंग खुलतो. मुलांनी काचेवर टकटक करू नये. टँक स्पीकरशेजारी तर अजिबात नको.

काही वेळा रंग जातो तो मुळात माशाचा नसतोच. मुंबईत क्रॉफर्ड मार्केटला, म्हणजे आपल्या महात्मा जोतिबा फुले मंडईला, किंवा कुठल्याही शहरातल्या माशांच्या दुकानात गुलाबी, निळे, जांभळे मासे दिसतात. विडो टेट्रा मुळात रुपेरी-काळा असतो, आणि काचमाशाचे अंग आरपार दिसते. त्यांना सुईने टोचून किंवा रंगात बुडवून रंगवलेले असते. त्यात कित्येक मासे मरतात. उरलेल्यांचा रंग काही आठवड्यांत, महिन्यांत उडतो, आणि कोणत्याही खाण्याने परत येत नाही. बाबासाहेबांनी दिलेल्या बावीस प्रतिज्ञांत प्राणिमात्रांवर दया करण्याचीही एक प्रतिज्ञा आहे. असे मासे विकत न घेणे एवढे तर आपल्या हातात आहे.

अंगावर मिठाच्या कणांसारखे पांढरे ठिपके, कापसासारखी बुरशी, सोनेरी धुळीसारखा थर, किंवा मिटलेले पर दिसले तर तो आजार. मासा वेगळ्या टबात ठेवावा. गोल्डफिश, गप्पी, मॉली यांना साधे खडे मीठ चालते. दहा लिटर पाण्याला सपाट दोन चहाचे चमचे, आधी मगभर पाण्यात विरघळवून, मग हळूहळू. दोन दिवसांत उतार नसेल तर दुकानातून त्या आजाराचे औषध आणावे. माणसांच्या अँटिबायोटिकची कॅप्सूल फोडून टँकमध्ये टाकण्याचा प्रकार सर्रास दिसतो, तो बंद करा. उपयोगी जिवाणू मरतात आणि औषधाला दाद न देणारे जंतू तयार होतात. औषधाला न जुमानणारा टीबी म्हणजे काय, हे आपल्या वस्त्यांना वेगळे सांगायला नको.

टीबीच्या जंतूचा एक चुलतभाऊ माशांच्या पाण्यात सापडतो. हाताला जखम असताना टँकमध्ये हात घातला तर तो कातडीत शिरतो आणि काही आठवड्यांनी गाठ किंवा न भरणारा व्रण दिसतो. औषधाने तो बरा होतो, पण डॉक्टरांना "घरी मासे आहेत" हे सांगितले तरच त्यांच्या लक्षात येईल. जखम असेल त्या दिवशी टँकचे काम दुसऱ्याने करावे. नळीने पाणी काढताना तोंडाने ओढू नका. नळी पाण्याने भरून, दोन्ही टोके दाबून धरा, एक टोक टँकमध्ये आणि दुसरे खालच्या बादलीत सोडा. पाणी आपोआप वाहते. एकच मोरी असेल तर भांडी आधी घासून घ्यावीत, टँकचे पाणी नंतर ओतावे आणि मोरी धुवावी. हात साबणाने धुवावेत, लहान मुलांचे तर नक्कीच.

आणि तो नाल्यात सोडण्याचा सल्ला. काही बौद्ध देशांत पशुपक्षी मुक्त करण्याची प्रथा आहे, त्यामुळे आपल्यातही कोणाला ते पुण्य वाटते. पण बरणीतला मासा नाल्यात तडफडून मरतो, तलावात जगलाच तर तिथल्या माशांना रोग देतो, त्यांचे अन्न खातो. नको असेल तर दुसऱ्या पाळणाऱ्याला किंवा दुकानदाराला परत द्यावा.

त्या मुलीच्या घरी जाऊन पाहिले. तीन-चार लिटरच्या गोल बरणीत दोन गोल्डफिश. खायला पाव, दर रविवारी सगळे पाणी नवे. गोल्डफिश नीट वाढला तर वीतभर होतो आणि दहा वर्षेही जगतो. बरणी त्याच्यासाठी नाहीच. जागा कमी असेल तर दहा-बारा लिटरच्या टँकमध्ये एकटा फायटर ठेवावा. तो वर येऊन हवा घेऊ शकतो, फक्त झाकण पूर्ण बंद नको. तिच्या आईने पिंपाशेजारचा कपड्यांचा मोठा टब रिकामा करून दिला, जुना पंप शेजाऱ्यांकडून मिळाला. दोन दिवसांत धाप थांबली. खाण्याने जाणारा रंग परत यायला महिना-दीड महिना लागतो. आता एका माशाच्या पाठीवर नारिंगी पट्टा दिसू लागला आहे. दुसरा पांढराच राहिला. काही गोल्डफिश वयाने कायमचे पांढरे होतात, त्यात बिघडलेले काही नसते. तो व्यवस्थित खातो, पोहतो, आणि काकू अधूनमधून त्याला मटार घेऊन येतात.